घड्याळ काढून ठेवणारा

पोराला अभिनय जमेल की नाही, ही काळजी आईने कित्येक वर्षं वाहिली. आता तो फारच चांगला जमला, ही काळजी तिला गिळवत नव्हती की टाकवत नव्हती.

लहानपणापासून तो पक्का नकल्या. शेजारचे डॉक्टर, हेडमास्तर, खुद्द वडील, कुणालाच सोडलं नाही. मोठेपणी मालिकांमध्ये इन्स्पेक्टर झाला, दोनदा प्रेतही झाला. "प्रेताचं काम बरं, पाठांतर नको," वडील म्हणायचे. मग त्यालाच वीट आला. मित्राचा कॅमेरा घेऊन तो स्वतः सिनेमे करू लागला. घरोघरी झाकलेलं उघड्यावर आणायचं, खेळ संपला की लोकांना बोलतं करायचं. एकदा एक बाई उठून नवऱ्यादेखत बोलली, तेव्हा आईचा ऊर भरून आला होता.

आज दुपारी त्याने नवा सिनेमा तिला लॅपटॉपवर दाखवला. गोष्ट मावशीची, म्हणजे आईच्या धाकट्या बहिणीची. नावं बदललेली, नवऱ्याचा धंदाही बदललेला. नवरा झाला होता तो स्वतः. बायकोवर हात उगारण्याआधी हा नवरा मनगटावरचं घड्याळ सावकाश काढतो, काचेवर फुंकर मारतो आणि फळीवर ठेवतो.

"अरे, हे तर काका."

"जमलंय ना?"

"जमलंय म्हणूनच सांगते. उद्या खेळाला सगळं गणगोत येणार, काकाही येणार. तेवढं घड्याळाचं काढून टाक."

"ते काढलं तर सीन मरतो, आई."

"मरू दे."

"मावशीच म्हणाली होती, सांग जगाला."

"जगाला सांग म्हणाली. खेळ संपल्यावर ती जाणार कुठे? त्याच घरी ना?"

त्याने लॅपटॉप मिटला. मग म्हणाला, "इतकी वर्षं तुम्ही सगळ्यांनी झाकलंत. त्याने तिचं काय भलं झालं?"

घाव वर्मी बसला, कारण बोलणं खोटं नव्हतं. पण खरं बोलून तो पडदा लावायला निघूनही गेला. मार खायला मागे राहणार होती मावशी.

सिनेमा अडवणं आईच्या हातात नव्हतं, आणि मनापासून तिला तो अडवायचाही नव्हता. पण बहिणीला आधी कळायला हवं होतं. त्या घरी फोन नेहमी काकाच उचलतात. उचलू देत. 'तिला द्या' म्हणायचं, ती आली की सगळं सांगायचं, आणि म्हणायचं, कपडे भर, मी न्यायला येतेय.

तिने फोन हातात घेतला.