शांघायच्या बागेतला नाच

लॉकडाऊनमध्ये आयर्लंडमधल्या लिमरिक शहरात नदीकाठी, बाकावर एकट्या बसलेल्या एक आयरिश आजी रोज दिसायच्या. मी लांबूनच मान हलवून पुढे जायचे. एकदा त्याच बोलू लागल्या. काही वर्षांपूर्वी ऑस्ट्रेलियाला मुलाकडे जाताना विमान बदलायला शांघायला दिवसभर थांबावं लागलं, म्हणून त्या शहर बघायला बाहेर पडल्या. एका बागेत म्हाताऱ्या बायका जोडीजोडीने नाचत होत्या. त्यांतल्या एकीने काही न बोलता आजींना हात धरून नाचात ओढलं. हे सांगताना आजींची बोटं हवेतच कुणाच्या तरी खांद्यावर टेकली होती.

“आता वर्ष झालं, माझा हात कुणी धरलेला नाही गं,” त्या हसत म्हणाल्या.

मी दोन मीटरांवर उभी राहिले आणि हवेतच हात पुढे केला.

त्या उठल्या. “उजवा पाय आधी,” म्हणाल्या.