एक नाही, दोन नाही, तीन नाही

लॉकडाउनमध्ये आमच्या घरात दोन गोष्टी साचल्या: ऑनलाइन मागवलेल्या सामानाचे खोके आणि सुनंदाच्या वाचनमंडळाचे किस्से. खोके निदान कोपऱ्यावरच्या कंटेनरमध्ये टाकता येत होते.

सुनंदा कांबळे आमची भाडेकरू, मूळची नागपूरची. इथल्या डच विद्यापीठात आधुनिक ज्यू साहित्यावर पीएचडी करते. दर मंगळवारी तिचं मंडळ ऑनलाइन जमून यिद्दिश कथा वाचायचं. यिद्दिश म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंची घरची भाषा. विद्यापीठाची अट एकच: दहा माणसं हवीत, नाहीतर मंडळ बंद. होती नऊ.

"दादा, तुम्ही या."

"मला त्यातलं ओ की ठो कळत नाही."

"नुसतं तोंड दाखवायचं."

म्हटलं, वीस वर्षं आयटीतल्या मीटिंगांमध्ये दुसरं काय केलंय?

*

मंडळाचा जीव म्हणजे मिरियमआजी. वय शहाऐंशी, शहराच्या बुइटनव्हेल्डर्ट भागात एकट्या. आईवडील पोलंडहून आलेले, म्हणून यिद्दिश घरातली. लॉकडाउनात त्यांच्याशी माणसं बोलायची ती मंगळवारीच. त्या सोमवारपासूनच लिपस्टिक लावून बसतात, अशी माझी पक्की माहिती आहे.

पहिल्याच दिवशी मी उत्साहाने स्क्रीनवरची डोकी मोजली. "...आठ, नऊ, दहा. झाले की!"

आजींनी तीनदा थू थू थू केलं आणि मोजून दाखवलं: "एक नाही, दोन नाही, तीन नाही..." त्यांच्याकडे माणसं सरळ मोजत नाहीत, नजर लागते.

मागून सासूबाई डोकावल्या. अकोल्याहून तीन महिन्यांसाठी आल्या आणि विमानं बंद झाली. महिने मीसुद्धा मोजत नव्हतो.

"जावईबापू," त्या म्हणाल्या, "ही बाई आपल्यातलीच दिसते."

*

एकदा दोन प्राध्यापक भिडले. लेखकाचं ज्यूपण त्याच्या भाषेत, की गाव सुटल्याच्या दुःखात? तीन मंगळवार गेले. चौथ्याला आजी म्हणाल्या, "त्याच्या आईत. पान उलटा."

दोघांनीही ते आपापल्या पेपरात घातलं, असं सुनंदा शपथेवर सांगते.

*

सुनंदाने प्रबंधासाठी आजींची मुलाखत घेतली. "तुम्ही विचार कुठल्या भाषेत करता?"

"विचार डचमध्ये. पश्चात्ताप यिद्दिशमध्ये."

"आणि प्रेम?"

"नवरा अबोल होता."

*

मग विद्यापीठाचा मेल आला: येत्या मंगळवारी अधिकारी स्वतः हजेरी घेणार. नेमका त्याच सकाळी एक प्राध्यापक तापाने आडवा. पुन्हा नऊ.

आजींचा मला फोन आला. "मंडळ गेलं तर मंगळवारचं मी काय करू?" एवढंच.

मी सासूबाईंना स्वयंपाकघरात टॅबसमोर बसवलं. "आई, एक माणूस कमी पडतंय. तुम्ही फक्त बसा. बोलायचं नाही."

"आधी सांगायचं ना," म्हणत त्या उठल्या आणि ठेवणीतली साडी नेसून आल्या.

अधिकारी तरुण, शिस्तीचा. स्क्रीनवर पेन रोखून मोठ्याने मोजू लागला. "एक, दोन, तीन..."

सुपरमार्केटमुळे सासूबाईंना तेवढं डच येत होतं. त्यांनी थेट कॅमेऱ्यात बघून थू थू थू केलं.

पेन हवेतच थांबलं. "या कोण?"

"परंपरेच्या तज्ज्ञ," मिरियमआजी म्हणाल्या. "माणसं अशी मोजत नाहीत."

"मग कशी मोजतात?"

आजींनी शिकवलं. त्याने पेन खाली ठेवलं, घसा साफ केला आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. "एक नाही, दोन नाही..." शेवटी सासूबाईंपाशी पोचला, "दहा नाही," म्हणाला आणि फॉर्मवर लिहिलं: मंडळ चालू ठेवावे.