रुमालाखाली ठरलेली रजा

चहा घ्या आधी, आणि घोट नीट गिळून मगच पुढचं ऐका. मागं एकदा हा किस्सा सांगताना आमच्या व्याह्यांना ठसका लागला होता. माझ्या हातून शहाणपणाची चार कामं झाली असतील, नाही असं नाही. पण लोक मागतात तो हाच किस्सा. मी माझ्याच लग्नाची रजा कशी ठरवली तो!

निजामाच्या राज्यातली गोष्ट. मी परभणीच्या मोंढ्यात, म्हणजे घाऊक बाजारात, एका शेठच्या कापसाच्या अडतीवर कामाला होतो. शाळा म्हणाल तर गावच्या देवळात बाराखडी तेवढी गिरवलेली. बाकीची विद्या गाड्यांच्या चाकांमध्ये बसून घेतली. कापूस मुठीत दाबला की ओला किती, सुका किती, हे सांगायचो. आणि सौद्यात तर माझा हात धरणारा कुणी नव्हता.

तेव्हाचा सौदा तुम्हाला ठाऊक नसेल. भाव तोंडानं बोलायचाच नाही. रुमाल टाकायचा, त्याखाली दोघांनी हात मिळवायचे आणि बोटं दाबून आकडा सांगायचा. भोवती शंभर माणसं उभी राहिली तरी कुणाला पत्ता लागायचा नाही. आणि रुमालाखाली 'पक्का' म्हटलं की पक्का! मोडला तर मोंढ्यात त्या माणसाला पाणीसुद्धा कुणी विचारायचं नाही.

मी शेठच्या वतीनं घेणारा. समोरच्यानं काहीही दाबू द्या, आपण खाली आणायचं, एवढंच मला ठाऊक. झोपेतसुद्धा खाली आणायचो.

माघात माझं लग्न ठरलं. मुलगी राणीसावरगावची. इकडं मोंढ्यात कापसाच्या गाड्यांना उभं राहायला जागा नाही. शिवाय शेठ म्हणाले होते, "दिगू, पुढल्या हंगामापासून खरेदीची गादी तुझी." आता अशा वेळी रजा मागायची कशी? आणि किती?

शेवटी एका दुपारी धीर करून म्हटलं, "शेठ, ते लग्नाचं…"

दुकानात माणसं बसलेली. मोठ्यानं आकडा बोलावा तर उद्या हमालापासून दिवाणजीपर्यंत सगळे तेवढीच रजा मागणार. शेठ हुशार. त्यांनी खांद्यावरचा रुमाल काढून हातावर टाकला आणि म्हणाले, "दे हात."

मी हात घातला. शेठनं माझी पाचही बोटं दाबली. सोडली. पुन्हा पाचही दाबली. म्हणजे दहा!

आता कुणीही शहाणा माणूस तिथंच पाया पडला असता की नाही? पण हात रुमालाखाली गेला होता ना! मी मान हलवली. "न्हाई जमायचं, शेठ," असं म्हणून आठ दाबली.

शेठनं माझ्या तोंडाकडं पाहिलं. "आरं, बघ बरं नीट."

नीट बघ म्हणजे समोरचा ढिला पडला! मी सहावर आलो. शेठच्या कपाळावर आठी. मी चारवर. शेठ हात सोडवायला बघताहेत. मी तीन बोटं गच्च धरली आणि डोळे मिटून म्हणालो, "यावर एक शब्द न्हाई!"

"पक्का?"

"पक्का!"

काय सांगू तो आनंद! घरी जाऊन आईला म्हणालो, "माय, शेठ धा म्हणायलते, मी तीनवर आणलं!"

आई भाकरी थापत होती. तिचे हात तिथंच थांबले. "कशाचे तीन, रं?"

"रजेचे दिवस!"

असं म्हणालो आणि माझं मलाच ऐकू आलं.

"आरं मुडद्या, सोताच्या लग्नात घासाघीस केलीस? जा आन् सांग शेठला!"

पण जाणार कसा? रुमालाखालचा सौदा! तो मोडणाऱ्या माणसाला उद्या खरेदीच्या गादीवर कोण बसवील?

झालं. एक दिवस जायला, एक दिवस लग्नाला, एक यायला. आगगाडीनं गंगाखेडला आणि तिथून बैलगाडीनं धक्के खात वऱ्हाड पोचलं. गोरज मुहूर्तावर लग्न लागलं. दुसऱ्या दिवशी गावजेवण होतं. बुंदी पाडून ठेवलेली. आणि नवरदेव उजाडताच म्हणतो, "गाडी जुंपा, मी निघालो."

सासरे धावत आले. "जावईबापू, काई चुकलं का आमचं?"

"काही नाही. दुकानात जायचंय."

सासऱ्यांनी मामेसासऱ्यांकडं पाहिलं. मामेसासरे हळूच म्हणाले, "रुसले. समदे असंच म्हणतेत."

लगेच जरीकाठी उपरणं आलं. मी म्हटलं, मला नको, मला जाऊ द्या. मग अंगठी आली. तीही नको म्हटली. नको म्हणावं तसा रुसवा मोठा! शेवटी सासऱ्यांनी दावणीची गाय सोडून आणली आणि डोळ्यांत पाणी आणून म्हणाले, "आता याच्याबिगर आमच्यापाशी काई न्हाई, बापू."

गाय माझ्याकडं बघत होती. मी गाईकडं. आता हिला तरी सौदा समजावून सांगावा का?

गाय तिथंच सोडून, नवरीला घेऊन गाडी हाकायला लावली. ती मान खाली घालून बसलेली. मला वाटलं, लाजायलीय. मग मला डुलकी लागली. मध्येच तिनं हळूच हलवून म्हटलं, "अवं, समोरून एक गाडी गेली. त्यातले पागोटेवाले तुमच्याकडं बघून हात करायले."

"असंल कुणी," मी म्हणालो आणि पुन्हा झोपलो.

ठरल्याप्रमाणं चौथ्या दिवशी सकाळी, अंगाला हळद तशीच, मी दुकानापुढं हजर. दाराला हे एवढं कुलूप!

समोरचे चहावाले कय्यूमभाई किटली घेऊनच बाहेर आले. "अरे दिगूमियाँ! तुम यहाँ कैसे?"

"रजा संपली. शेठ कुठायत?"

"सेठ तो दुकान बंद करके तुमारी शादी में गए ना!" आणि मग सगळ्या मोंढ्याला ऐकू जाईल असं ओरडले, "देखो रे, दुल्हा इधर, बराती उधर!"

दिवसभर मी दुकानाच्या ओट्यावर बसून होतो. येणारा प्रत्येक गाडीवान विचारायचा आणि कय्यूमभाई प्रत्येकाला पहिल्यापासून सांगायचे.

संध्याकाळी शेठ थेट माझ्या घरी आले. डोक्याला पागोटं, हातात बुंदीची टोपली, अंगावर माझं जरीकाठी उपरणं!

"गावजेवणाला नवरदेव न्हाई," शेठ कडाडले, "म्हणून तुझ्या पाटावर मला बसवलं! बायकांनी घास आडवून मला नाव घ्यायला लावलं! या वयात!"

"पण शेठ, तुम्ही गेलातच कशाला?"

"कशाला? मी धा दिवस देतो आन् नवरदेव तीनावर येतो, ह्याचा आर्थ काय? मला वाटलं, पोराला पोरगी पसंत न्हाई. म्हणलं, जाऊन समजूत घालावी. वाटेत हात केला तर तू गाडीत झोपलेला! मग म्हणलं, निदान पोरीच्या बापाची तरी समजूत काढावी."

दाराआड बांगड्या वाजल्या, आणि एकदम थांबल्या. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. ती वाटभर लाजत नव्हती. तिलाही तेच वाटलं होतं!

दाराकडं तोंड करून मी ओरडलोच, "पसंत हाय! लय पसंत हाय! शेठ, अहो, हात रुमालाखाली गेला की मला खालीच आणता येतं, त्याला मी काय करू?"

शेठ असे हसले की टोपलीतली बुंदी सांडली. "सूनबाई," ते दाराकडं वळून म्हणाले, "याचा हात कामाचा न्हाई. तूच सांग, किती दिवस सोडू याला?"

बांगड्या पुन्हा वाजल्या. मग दाराआडून पदर पुढं आला आणि पदराखालून मेंदीचे दोन हात. दहाही बोटं ताठ.

"पक्का!" शेठ म्हणाले.

आणि देवाशप्पथ सांगतो, माझं तोंड आपोआप उघडलं, "काही कमी-जास्त…"

शेठनं माझ्या तोंडात बुंदी कोंबली म्हणून संसार वाचला.

खरेदीची गादी मला पुढं मिळाली. आज स्वतःची अडत आहे. पण घरातली खरेदी त्या दिवसापासून तिच्याकडं. बाजारात मी फक्त पिशव्या धरतो. दोन्ही हातांत एकेक. हात मोकळा राहिला तर मी भावाबरोबर मापही खाली आणीन, म्हणून दुसरी पिशवी ती रिकामीच आणते.