अण्णांचा डोंगर, वहिनींची भिंत

फ्रेमच्या दुकानात दोन गोष्टी कधी संपत नाहीत. कापलेल्या पट्ट्यांचे तुकडे आणि वसंतअण्णांचे किस्से! तुकडे निदान हिवाळ्यात शेकोटीला जातात. किस्स्यांचं तसं नाही. एक सांगावा तर ऐकणारा त्यावर दुसरा सांगून जातो, म्हणजे गठ्ठा वाढलाच.

धारूरच्या बाजारात माझं दुकान. देव, लग्नं आणि गेलेली माणसं, एवढंच मी फ्रेम करतो. अण्णा हे एकच गिऱ्हाईक निराळं. जनावरांच्या दवाखान्यातून रिटायर झाले आणि गावाबाहेर, डोंगराच्या पायथ्याला रानात राहायला गेले. ते आणि वहिनी, दोघंच. सकाळी स्टूल घेऊन डोंगर चढायचा, दिवसभर चित्रं काढायची, कुणाशी बोलायचं नाही. मी आणि पाट्या रंगवणारा रफिकभाई, एवढीच काय ती त्यांची मित्रमंडळी. आमच्याशीही ते फार बोलतात अशातला भाग नाही, पण आम्ही गेलो तर उठून जात नाहीत.

*

अण्णांचं काम उलटं. लोक आधी चित्र काढतात, मग फ्रेम करतात. हे आधी रिकामी फ्रेम नेतात! ती डोळ्यासमोर धरायची, डोंगर त्यात बघायचा, थोडं डावीकडं, थोडं उजवीकडं.

एकदा खालच्या रानातल्या लोकांनी हे बघितलं. झालं! गावभर बोभाटा, पवनचक्कीवाल्यांचा सर्वे आला. संध्याकाळी अण्णांच्या दारात माणसं हजर, काखेत सातबारा.

"साहेब, आमचं बी रान बघा की. आमच्या बांधावर लई वारं सुटतंय!"

अण्णांनी काय करावं? फ्रेम त्या बोलणाऱ्याच्याच हातात दिली. त्यानं ती डोळ्यासमोर धरली, आपल्या शिवाराकडं बघितलं, आणि बराच वेळ खाली घेतलीच नाही.

शेवटी म्हणाला, "आयला! हे आमचंच हाय व्हय?"

*

रफिकभाईचा हात म्हणजे तुफान. निवडणुकीत एका दिवसात अख्खा रस्ता रंगवून मोकळा. एक दिवस तो अण्णांबरोबर डोंगरावर गेला. अण्णा बसलेत एका खडकासमोर, ब्रश कोरडाच. दुपार झाली तरी तेच.

"अण्णा," रफिकभाई वैतागला, "इतक्या वेळात माझी दोन दुकानं आणि एक उमेदवार रंगवून झाला असता!"

"तुझा उमेदवार गप उभा राहतो," अण्णा म्हणाले. "माझी सावली सरकती."

*

पुण्याहून कुणी हौशी मंडळी गाडी घेऊन आली. अण्णांची मुलाखत घ्यायची म्हणे. अण्णा ओट्यावर शेंगा फोडत बसलेले, अंगात बनियन.

"काका, चित्रकार इथंच राहतात ना?"

"वर डोंगरात गेलेत," अण्णांनी हात दाखवला.

बिचारे चढले! दिवस कलताना घामेघूम होऊन परत आले. "काका, नाही हो भेटले."

अण्णा म्हणाले, "मला बी लवकर भेटत न्हाईत."

वहिनींनी कपाळावर हात मारला आणि चहा टाकला. चहा पिताना त्यांनीच सांगून टाकलं की हेच ते! तोवर अण्णा मागच्या दारानं पसार.

*

वहिनींचं एकच दुखणं होतं, भिंत.

अण्णांच्या घरात अण्णांचं एकही चित्र नाही. सगळी धान्याच्या खोलीत, भिंतीकडं तोंड करून रचलेली. समोरच्या भिंतीवर खताच्या दुकानाचं कॅलेंडर. त्यावर बर्फाचे डोंगर!

"घरात चित्रकार आणि भिंतीवर खतवाला," वहिनी म्हणायच्या. "आलंगेलं माणूस इचारतंय, तुमचे मालक डोंगरात बसून करतात काय? मी काय दाखवू? चित्रांच्या पाठी?"

अण्णांचं उत्तर ठरलेलं. "टांगलं की त्याच्याकडं कुणी बघत न्हाई."

वहिनी भाकरी थापायला घ्यायच्या. रोज दुपारी भाकरीचा डबा घेऊन त्याच डोंगरावर चढायच्या, डबा ठेवायच्या आणि उतरायच्या. मला खरं सांगायचं तर अण्णांचा रागच यायचा. एक चित्र द्यायला काय जात होतं ह्या माणसाचं?

*

शेवटी मी आणि रफिकभाईनं हट्टानं बीडला प्रदर्शन भरवलं. अण्णा म्हणाले, "चित्रं न्या, मी येणार न्हाई." मग चित्रकार कोण ते लोकांना कळावं म्हणून मी त्यांचा फोटो मोठा करून, फ्रेम करून दारात ठेवला.

उद्घाटनाला एक साहेब. आले तेच घाईत, पुढं तीन लग्नं होती. त्यांच्या कार्यकर्त्यानं दारातला फोटो बघितला. आमच्याकडं फ्रेममधला एकटा माणूस म्हणजे गेलेला! त्यानं पटकन हार घातला, समई पुढं सरकवली. साहेबांनी हार बघितला आणि आवाज खाली आणला.

"अण्णांच्या जाण्यानं आपल्या जिल्ह्याची कधी न भरून येणारी हानी झाली आहे. आपण दोन मिनिटं स्तब्ध उभं राहू."

मी पुढं होईपर्यंत सगळा हॉल उभा! आणि मी मागं बघतो तर शेवटच्या रांगेत अण्णा. मन बदलून वहिनींना घेऊन एसटीनं आले होते. तेही हात जोडून, मान खाली घालून उभे!

वहिनींचं कुंकू कपाळभर. त्या कशाला गप्प बसतात?

"ओ साहेब! कुणाला घालवताय? हे काय, हितं उभे हायेत!"

साहेब मुरलेले. एका दमात फोटोवरचा हार काढला, अण्णांच्या गळ्यात घातला, "सत्कार, सत्कार!" म्हणत टाळ्या वाजवल्या आणि लग्नाला गेले.

मी अण्णांवर खेकसलो, "बोलायचं न्हाई का तुमी?"

"मधी कसं बोलणार? दोन मिनिटं शांत राहायचं हुतं."

*

परतीला मांजरसुंब्याच्या ढाब्यावर थांबलो. रफिकभाई साहेबांची नक्कल करत होता, मी हसून हसून बेजार. वहिनी जेवत नव्हत्या.

"खरंच गेला असतात तर?" त्या अण्णांना म्हणाल्या. "माझ्याजवळ काय ऱ्हायलं असतं? खतवाल्याचं कॅलेंडर!"

अण्णांच्या हातातला घास हातातच राहिला.

*

पुढं काही दिवसांनी अण्णा दुकानात आले. बगलेत जुन्या लुगड्यात गुंडाळलेलं चित्र. उघडलं. तोच डोंगर, तीच पायवाट, आणि पायवाटेवर डबा घेऊन चढणारी एक बाई.

दुकानात बसलेला रफिकभाई उठून उभा राहिला. अण्णांच्या चित्रात कधी माणूस नव्हता!

"टांगायचंय," अण्णा एवढंच म्हणाले.

दुकानातली सगळ्यात चांगली सागवानी पट्टी लावली. खिळा-हातोडी घेऊन मी स्वतः गेलो. वहिनींनी कॅलेंडर आपल्या हातानं उतरवलं. चित्र टांगलं. त्या पदरानं हात पुसत पुसत बघत राहिल्या. माझ्याच डोळ्यांत पाणी यायला लागलं होतं.

"डबा ह्या हातात कावून हाय?" वहिनी म्हणाल्या.

"मग?" अण्णा.

"डावीकडं असतो माझा डबा. उजव्या हातानं पदर धरते, वर लई वारं असतंय." त्या रागावल्या नव्हत्या, साधंच बोलत होत्या. "तुमाला कसं दिसणार म्हणा. तुमचं तोंड डोंगराकडं. मी मागून येते, डबा ठेवते, जाते."

अण्णा उठले. चित्र खिळ्यावरून उतरवलं.

"अहो, असू द्या की! छान हाय!" वहिनी ओरडल्या, मीही ओरडलो. ऐकतील तर अण्णा कसले! त्या खिळ्याला पुन्हा कॅलेंडर लागलं.

दुसऱ्या दिवशी मला राहवेना. दुपारी डोंगर चढून गेलो. अण्णा नेहमीच्याच जागी. पण स्टूल उलटं मांडलेलं. डोंगराकडं पाठ, पायवाटेकडं तोंड. हातात ब्रश नाही, काही नाही.

खालून वहिनी येत होत्या. डबा डाव्या हातात, पदर उजव्या. वळणावर त्यांनी मान वर केली आणि जागच्या जागी थबकल्या. डबा दगडावर ठेवला, पदर सावरला, डबा उचलला, पुन्हा ठेवला.

"अहो, तिकडं बघा की डोंगराकडं!" त्या खालूनच ओरडल्या. "मला चढता येईना!"

अण्णांनी तोंड फिरवलं नाही.