पडद्याकडे पाठ

कुमुदताई गेल्याची बातमी एस.टी.च्या कंडक्टरनं पौडला माझ्या दुकानात आणली. मी कुणाच्या तरी लग्नाचे कर्णे पुसत होतो. ताईंच्या माहितीपटांचा आवाज मी सांभाळायचो, तो या दुकानाच्याच जिवावर. लाउडस्पीकर भाड्यानं देणारा पोरगा आवाजाचं काम शिकेल, हे आधी त्यांना पटलं, मग मला आणि सगळ्यात शेवटी आमच्या अब्बांना.

त्यांची एक खोड होती. ज्यांच्यावर फिल्म केली, त्यांना ती सगळ्यांच्या आधी दाखवायची. तीही कशी, तर पडद्याकडे पाठ आणि लोकांकडे तोंड करून खुर्ची टाकायच्या. म्हणायच्या, "हमीद, पडद्यावर काय आहे ते मला पाठ आहे. बघायचं ते इकडे आहे."

मुळशी धरणावरची आमची पहिली फिल्म सत्तरच्या दशकातली. धरणाची वीज पार मुंबईला जायची, पण धरणाकाठच्या माले गावात पडदा उजळायला जनरेटर लागला तो माझा. फिल्ममध्ये गावातले म्हातारे तुकाआबा पाण्याच्या काठाशी उभे राहून बुडालेलं घर दाखवतात आणि बोलता बोलता हुंदका देतात. शहरातली संस्था त्या हुंदक्यावरच फिल्म घेणार होती. पण तो आला आणि माल्यातल्या सगळ्या माना खाली गेल्या. खेळ संपल्यावर आबांची सून शेवंता ताईंजवळ आली. "मामंजी घरात कदी रडलं न्हाईत, ताई. आता सगळ्या मुलखानं बघायचं व्हय?"

ताईंनी तो तुकडा काढला. मी भांड भांड भांडलो, संस्थेनं फिल्म नाकारली. ताई मात्र शांत. "फिल्म पुन्हा करता येते रे." मला तेव्हा त्यांचा भयंकर राग आला होता.

उन्हाळ्यात पाणी ओसरलं तसा आबांचाच निरोप आला. चिखलात काठी रोवून ते कॅमेऱ्यासमोर उभे राहिले. "हितं जोतं. हितं गोठा. हितं माज्या आईचं उखळ. रडायचं न्हाई, सांगायचं हाय." हीच फिल्म ताईंनी गावोगाव नेली, आणि तिच्याच बळावर पुढे वीटभट्ट्या, कातकरी पाडे, गिरणीकामगारांच्या बायका असं कितीतरी काम उभं राहिलं. खुर्ची मात्र प्रत्येक ठिकाणी उलटीच.

परवा माल्यात शोकसभा झाली, आबांची फिल्म लावली. मांडलेल्या खुर्च्यांतली एक शेवंतानं उचलली आणि आमच्याकडे तोंड करून पडद्याखाली ठेवली. तिचेही केस आता पिकलेत. "ताई हितं बसायच्या," एवढंच म्हणाली. मला राहवेना. जनरेटर सोडून मी त्या रिकाम्या खुर्चीशेजारी, पडद्याकडे पाठ करून, जमिनीवर बसलो. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. मागून आबांचा आवाज आला, हितं जोतं... हितं गोठा... एकही मान खाली गेली नाही. शेवंता त्यांच्याबरोबर शब्द न् शब्द म्हणत होती. ताई, बघताय ना?