शांतीनं लावलेला क्रम

त्या काळी लालबागच्या त्या चाळीत संगणक पाहिलेलं माणूस एकच होतं, बुधाजी सावंतांची शांती. आणि तेही दादरच्या चिंतामणी सरांच्या कृपेनं. सरांच्या क्लासची फी तिला परवडेना, तेव्हा सर म्हणाले होते, "राहू दे गं, नोकरी लागली की पेढे दे." असा माणूस तिला देव वाटला, यात तिचं काय चुकलं?

बुधाजी साचाखात्यातले जुने विणकर. संपात दीड वर्ष घरी बसले, बायकोच्या पाटल्या गेल्या, पण मान खाली घातली नाही. शेवटी संप नुसताच विरून गेला. गिरणी सुरू होणार होती, पण सगळ्यांना कामावर घेणार नव्हती. आधी कुणाला बोलवायचं ते संगणकावर ठरवायचं काम चिंतामणी सरांना मिळालं आणि मदतीला त्यांनी शांतीला घेतलं.

"तूच सांग, आधी कोण?" सरांनी विचारलं.

"जुने कामगार, सर. तरणी पोरं कुठंही पोट भरतील. माझ्या बाबांसारख्यांना आता दुसरं कोण घेणार?"

"शाब्बास. तसाच क्रम लाव."

तिनं लावला. हातातले पत्ते लावतात तीच रीत. एक नाव उचलायचं, नोकरीची वर्षं आधीच्या नावांशी ताडायची, जागा सापडली की तिथं खोचायचं आणि पुढचं उचलायचं. माणूस या कामाला विटला असता, यंत्रानं हजारो नावं मुकाट लावून दिली.

चाळीला तर आनंदाचं भरतं आलं. यांची सगळी हयात मुकादमाची मर्जी राखण्यात गेलेली. सकाळी फाटकाशी रोजच्या रोज काम मागणारे बदलीवाले उभे राहायचे आणि ज्याचा कोंबडा मुकादमाच्या घरी पोचला असेल तो आत जायचा. बुधाजी लेकीचं कौतुक ज्याला त्याला सांगत सुटले, "आमच्या चेडवान यंत्राक शिकवल्यान हा. यंत्राक ना भाऊबंद, ना कोंबो खावचो!" तरुण पोरं म्हणत होती, फाटक अडवू, घेतलं तर सगळ्यांना एकदम घ्या. जुन्यांना बुधाजींनीच थोपवलं. "कित्याक बोंबलतास? जुन्यांची नावां पयली येतली." जुने घरी बसले. वशिला फक्त माणसाचाच असतो, अशी या भाबड्यांची समजूत.

नावं पुकारायच्या दिवशी शांती गिरणीच्या कचेरीत होती. भोंग्यावरून नावं सुरू झाली. मिसरूड फुटलेल्या पोरांची नावं आधी येत होती. मग त्यांच्याहून थोडे मोठे. मग भोंगा थांबला आणि फाटक लागलं. जुन्यांपैकी एकाचंही नाव आलं नाही.

ती धावत सरांकडे गेली. "सर, माझी चूक झाली! क्रम उलटा लागलाय. थांबवा त्यांना, मी आत्ता दुरुस्त करते."

"चूक नाही गं," सर चष्मा पुसत म्हणाले. "तुझं काम चोख आहे. मीच क्रम शेवटाकडून घेतला. जुन्यांचे पगार गिरणीला परवडत नाहीत, मालकांनी मला हे पहिल्या दिवशीच सांगितलं होतं."

"मग मला का विचारलंत, आधी कोण म्हणून?"

"मन लावून केलंस ना? झालं तर. तुझ्या कायम नोकरीचं मी बोलून ठेवलंय."

केसानं गळा कापणं म्हणजे काय ते तिला त्या क्षणी कळलं. थुंकावंसं वाटलं. ती तशीच घरी आली.

चाळीच्या गॅलरीत जुने विणकर गोळा झाले होते. कुणी तिला वाट दिली नाही. आत बुधाजी भिंतीला टेकून बसले होते. तिनं रडत रडत सगळं सांगितलं, एक शब्द लपवला नाही. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"तुजी नोकरी रवली मा?"

शांतीनं होकारार्थी मान हलवली.

बुधाजी उठले, बाहेर गेले. बाहेरची माणसं तिला नाही नाही ते बोलत होती आणि ती दाराआड कान देऊन उभी होती. माझ्या पोरीला यातलं काही ठाऊक नव्हतं, एवढंच त्यांनी म्हणावं म्हणून.

ते काहीच बोलले नाहीत.