रफूताई आणि मखमल्याचे डोळे

रफूताईंना सगळ्यात जास्त राग कशाचा येत असेल, तर "काय झालं, का रडताय?" या प्रश्नाचा. दुकानात येणारं प्रत्येक नवं गिऱ्हाईक तो विचारी. जुनी गिऱ्हाइकं विचारत नसत, आणि त्याचा राग तर त्यांना त्याहूनही जास्त येई.

दुकान ड्रायक्लीनिंगचं होतं. पुढे काउंटर, त्याच्यामागे चिठ्ठ्या टाचलेल्या कपड्यांच्या दांड्या, अगदी आत धुलाईचं यंत्र आणि इस्त्रीचं टेबल. बाजूच्या खिडकीत एक दिवा आणि रफूताईंची खुर्ची. सिगारेटने भोक पडलेला कोट, कसर लागलेली शाल, खिळ्याला अडकून फाटलेला पडदा असं सगळं त्यांच्याकडे येई. त्या कापडाच्याच आतल्या शिवणीतून धागा ओढून काढत आणि अशा विणत, की भोक कुठे होतं हे नंतर त्यांचं त्यांनाही शोधावं लागे. हे सगळं वाहत्या डोळ्यांनी. मनगटाला मऊ कापडाची पट्टी बांधलेली असे. चार टाके घातले की मनगट डोळ्यांवरून फिरे. रेशमावर पाण्याचा थेंब पडला तर डाग राहतो.

डोळ्यांचं असं होतं, की सगळ्यांना पापणीच्या कडेला केसांची एक रांग असते, त्यांना दोन होत्या. दुसरी रांग आतल्या बाजूची. बारीक केस, सरळ बुबुळाकडे वळलेले. डोळ्यात कायमचं कुसळ गेल्यासारखं. लहानपणी आई त्यांना उजेडात मांडीवर निजवून चिमट्याने ते केस उपटायची. थोडे दिवस बरं वाटे, मग खुंट फुटत, आणि खुंट केसांपेक्षा वाईट टोचत. शाळेत पोरी त्यांना 'टिपूस' म्हणायच्या. लग्न ठरवताना सासूबाई म्हणाल्या होत्या, "पापण्या काय दाट आहेत हो मुलीच्या!" वर्ष सरायच्या आत त्याच सासूबाई घरभर सांगत फिरू लागल्या, "आमच्याकडे हिला असं काय कमी पडतं, की सदा डोळ्याला पदर?" पुढे सासूबाई गेल्या तेव्हा रफूताई खरोखर रडल्या. पोटातून रडल्या. तेव्हा जाऊबाई शेजारणीला हळूच म्हणाल्या, "तिचं मनावर घेऊ नका, तिचे डोळेच तसे आहेत."

म्हणजे रडू नसताना रडण्याचा आळ, आणि रडू आलं की ते हिशेबातच नाही. या गोष्टीची चीड रफूताईंनी आयुष्यभर गिळली. कुणाला सांगायची? सांगताना डोळ्यांना पाणी असणारच, आणि ऐकणारा म्हणणार, "बरं बरं, रडू नका."

मखमल्या हा दुकानाचा कुत्रा. लांब कानांचा, तांबूस, कुरळ्या केसांचा. मालकांच्या वडिलांनी, अण्णांनी, तो पिल्लू असताना आणलेला. अण्णा दिवसभर दाराजवळच्या वेताच्या खुर्चीत बसत आणि मखमल्या त्यांच्या चपलांवर हनुवटी टेकून झोपे. अण्णा वारले. थोड्याच दिवसांत मखमल्याच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. नाकाच्या दोन्ही बाजूंना काळपट ओघळ पडले.

"रडतोय हो," मालक म्हणाले. "अण्णांसाठी रडतोय. मुकं जनावर, पण माया बघा!"

झालं. गिऱ्हाइकं ओणवी होऊन मखमल्याला बघू लागली, फोटो काढू लागली. मालकांनी त्याचा एक मोठा फोटो काढून चौकटीत बसवला आणि अण्णांच्या फोटोखाली टांगला. जो येई त्याला ते सांगत, "पोटची पोरं विसरतात, हा नाही विसरला." असं सांगताना त्यांचा आवाज दरवेळी दाटे, आणि ते काही नाटक नव्हतं. मालकांना स्वतःला रडता येत नसे. त्यांच्या वाटचं रडणं कुत्राच रडत होता.

इस्त्रीवाला आतून म्हणाला, "ताई, तुमची जागा गेली. आता दुकानात रडायला दुसरा आला."

"तुझी जीभ त्या इस्त्रीखाली धर जरा," रफूताई म्हणाल्या.

पण त्या दिवसापासून त्यांचं लक्ष मखमल्याकडे लागलं. तो पंजाने डोळा चोळी. दिव्याजवळ आला की डोळे मिटून घेई. आणि एक दिवस त्याचा डावा डोळा त्यांना निळसर, धुक्यासारखा दिसला. त्यांनी त्याला जवळ ओढलं, दिव्याखाली धरलं, बारीक कामाचं भिंग डोळ्याला लावलं आणि पापणी अंगठ्याने हलकेच उलटवली. आत केसांची दुसरी रांग होती.

रफूताईंच्या अंगाची लाहीलाही झाली. हे कुत्रं दुःख करत नव्हतं. त्याला टोचत होतं! आणि सगळं गाव त्याच्यासमोर उभं राहून वाहवा करत होतं.

"मालक, हा रडत नाही. याच्या डोळ्यात केस आहेत. माझ्यासारखे."

मालकांचा चेहरा पडला आणि मग कडक झाला. "ताई, तुमच्या डोळ्यांचं तुमच्यापाशी. अण्णा होते तेव्हा कधी रडला हा?"

"अण्णा रोज सकाळी ओल्या फडक्याने पुसायचे त्याचे डोळे. तुम्ही यायच्या आधी. मी रोज बघायची."

"म्हणजे त्याची माया खोटी?"

"माया खरीच असेल हो! पण पाणी मायेचं नाही. डोळा पांढरा पडतोय बघा त्याचा. जाईल तो डोळा."

"उजेड नको वाटतो त्याला. दुःखात कुणाला बरा वाटतो उजेड?" असं म्हणून मालक कपडे मोजायला वळले.

आता इथे रफूताईंची चूक झाली. आईने जे केलं तेच त्यांनी केलं. चिमटा घेतला आणि मखमल्याचे केस उपटले. इस्त्रीवाल्याने त्याला धरून ठेवलं. चार दिवस मखमल्या ताजातवाना झाला, शेपूट हलवत फिरला. मालक म्हणाले, "काल रात्री मी त्याची समजूत घातली." मग खुंट फुटले आणि मखमल्या काउंटरखालून बाहेर यायचाच बंद झाला.

एका दुपारी मालक जेवायला घरी गेले. रफूताईंनी मखमल्याला धुतलेल्या पडद्यांच्या टोपलीत घातलं, वर चादर टाकली, आणि टोपलीचा एक कान इस्त्रीवाल्याला धरायला लावला. "पडदे फार हलतायत," रस्त्यात कुणीतरी म्हणालं. "वारा आहे," इस्त्रीवाला म्हणाला.

जनावरांच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी पापणी उलटवली आणि पहिलं वाक्य उच्चारलं ते असं, "हे उपटत कोण होतं?"

रफूताईंची मान खाली गेली. "मी."

"उपटून हे जात नाहीत. मूळ गोठवून मारावं लागतं. बुबुळाला जखम झालीय. आत्ता केलं तर डोळा वाचेल, नाहीतर नाही. पण मला याच्या मालकाचा होकार हवा, तुमचा चालणार नाही." मग त्यांनी रफूताईंकडे नीट पाहिलं. "आणि तुम्ही कधी दाखवलेत तुमचे?"

"मला काय झालंय?" रफूताई फिस्कारल्या.

"मी गुरांची डॉक्टर आहे, बाई. पण डोळे मलाही आहेत."

परतीच्या वाटेवर रफूताई इतक्या भराभर चालल्या, की टोपलीमागे इस्त्रीवाल्याची फरफट झाली. त्या भडकल्या होत्या. डॉक्टरीणबाईंवर नाही. आईवर, शाळेवर, सासूवर, नवऱ्यावर. इतक्या सगळ्या माणसांनी इतकी वर्षं या डोळ्यांवर टोमणे मारले, गोडवे गायले, पण 'चल, दाखवून येऊ' असं एकालाही सुचलं नाही. आणि मग, दुकानाची पायरी चढताना, त्या स्वतःवर भडकल्या. त्यांनाही सुचलं नव्हतं.

मालक परत आले होते. टोपलीतून कुत्रा निघालेला बघून त्यांचा पारा चढला. "कुणाला विचारून नेलंत?"

"आता विचारते. डॉक्टर थांबल्यात. होकार द्या."

"अण्णांच्या कुत्र्याला मी कापाकापी करू देणार नाही."

रफूताईंच्या टेबलावर एक काळा कोट होता. गिऱ्हाईक संध्याकाळी तो घालून कुठल्याशा समारंभाला जाणार होतं. कोपरावरचं भोक अर्धं विणून झालं होतं, अर्धं उघडं होतं. रफूताईंनी सुई काढली, उशीत टोचली आणि दिवा बंद केला.

"हे काय?" मालक म्हणाले.

"त्याचा डोळा जाईपर्यंत मी इथे बसून बघायचं, तर त्या गिऱ्हाइकाने भोकाचा कोट घालायचा. होऊ दे."

"ताई, धमकी देताय?"

"हो!" रफूताई इतक्या मोठ्याने ओरडल्या, की इस्त्रीवाल्याने इस्त्री उभी करून ठेवली. "तुम्हाला रडणारा कुत्रा हवाय, मालक. भिंतीवर टांगायला हवाय. त्याला दिसलं नाही तरी तुमचं काय जातंय!"

मालक अण्णांच्या खुर्चीकडे बघत उभे राहिले. मग त्यांनी मखमल्याचा पट्टा हातात घेतला आणि दाराबाहेर पडले. रफूताईंनी दिवा लावला. कोट वेळेवर गेला.

मखमल्याचा डोळा वाचला. बुबुळावर तांदळाच्या कणीएवढा पांढरा ठिपका राहिला, एवढंच. ओघळ पुसले गेले, चेहरा कोरडा झाला. तो काउंटरखालून बाहेर आला, उन्हात पसरला, पोस्टमनवर भुंकला, गिऱ्हाइकांच्या बुटांच्या नाड्या ओढू लागला.

गिऱ्हाइकं हिरमुसली. "आता नाही का रडत?" असं विचारू लागली. मालकांनी एक दिवस ती चौकट भिंतीवरून उतरवली आणि एका बाईंना म्हणाले, "विसरला तो अण्णांना. चांगला आठवण काढत होता बिचारा, तेवढीसुद्धा काढून घेतली त्याची."

रफूताईंच्या हातातली शाल खाली पडली. "डोळा कोरडा म्हणजे विसरला? मग तुम्हीही विसरलात म्हणायचं! तुमच्या डोळ्याला कधी टिपूस दिसलं नाही मला. आणि मी? मी कुणाकुणासाठी रडतेय आज इतकी वर्षं, सांगा ना! अण्णा गेले त्या दिवशी याच खुर्चीत बसून रडले मी. तुम्ही म्हणालात, ताई, शालीवर डाग पडेल."

बोलता बोलता त्यांना हुंदका फुटला. खराखुरा. खांदे हलले. मनगटाची पट्टी भिजून गेली. गिऱ्हाईक बाई घाबरून मालकांकडे बघू लागल्या.

"काही नाही हो," मालक ओशाळून, सवयीने म्हणाले. "त्यांचे डोळेच तसे आहेत."

इस्त्रीवाला आतून म्हणाला, "मालक, गप्प बसा."

रफूताईंनी शाल उचलली, झटकली, घडी घालून टेबलावर ठेवली. पिशवी घेतली आणि भर दुपारी बाहेर पडल्या. मखमल्या कोपऱ्यापर्यंत त्यांच्याबरोबर गेला. मग परत आला आणि रिकाम्या वेताच्या खुर्चीखाली, पूर्वी जिथे चपला असायच्या तिथे, हनुवटी टेकून पडला. डोळे कोरडे होते.

माणसांच्या डोळ्यांच्या दवाखान्यात तरुण डॉक्टरने रफूताईंना खुर्चीत बसवलं, दिवा जवळ ओढला, आणि त्यांच्या गालांवरून वाहणाऱ्या पाण्याकडे बघून विचारलं, "हे कधीपासून?"

"जन्मापासून," रफूताई म्हणाल्या. मग त्यांनी डॉक्टरचा हात बाजूला केला. "पण थांबा. आत्ताचं हे पाणी त्यातलं नाही. हे वेगळं धरा."